वेष्टन नवं, माल तोच : रेकॉर्डपासून रिपॅकपर्यंत



संपादक मंडळानं सांगितलं, "काका, तुम्ही इतिहासावर लिहा." आपल्या इमारतीचा इतिहास अध्यक्षांच्या मनोगतात येणारच आहे. पाण्याच्या टाकीपासून विजेच्या मीटरपर्यंत सगळं त्यात असेल. म्हणून मी जरा वेगळा विषय घेतला. पण शेवटी तो आपल्या सोसायटीच्या दारातच येऊन थांबतो, हे आधीच सांगून ठेवतो.

गेल्या दिवाळीत नातू राहायला आला होता. रात्री अकराला त्याचा लॅपटॉप घरघर करत होता. मी बंद करायला गेलो तर ओरडला, "आजोबा, हात नका लावू, रिपॅक इन्स्टॉल होतंय!" हे रिपॅक म्हणजे काय, ते त्यानं मला समजावलं. मोठा गेम असतो, साठ-सत्तर जीबीचा. कोणीतरी त्यातले आपल्याला नको असलेले परभाषेतले आवाज वगैरे काढून टाकतो, उरलेला माल दाबून दाबून निम्म्याहून कमी जागेत बसवतो, कुलूप तोडतो आणि फुकट वाटतो. उतरवून घ्यायला सोपं, पण गाठोडं उलगडायला तास न् तास लागतात. मी विचारलं, "हा माणूस कोण?" तो म्हणाला, "माहीत नाही." "मूळ कंपनीला पैसे?" "नाही." "आत आणखी काय घातलंय हे तुला कसं कळणार?" यावर तो गप्प बसला.

मी त्याला रागावणार होतो. पण मग आठवलं की या बाबतीत आपलाही हात स्वच्छ नाही. तेच आज लिहितो.

नकलांचा हा मुलूख

आपल्या भागाला नकलांचं वावडं नाही. राजोडीपासून हाकेच्या अंतरावरचं सोपारा घ्या. १८८२ साली पंडित भगवानलाल इंद्रजींना तिथे सम्राट अशोकाच्या आठव्या शिलालेखाचा तुकडा सापडला. पुढे १९५६ मध्ये भुईगावला नवव्या लेखाचा दगड मिळाला. हे लेख काही खास सोपाऱ्यासाठी लिहिलेले नव्हते. तोच मजकूर गिरनारला आहे, पार वायव्येला शाहबाजगढीला खरोष्ठी लिपीत आहे. मजकूर एक, दगड वेगळा, लिपी त्या त्या मुलखाची. गंमत म्हणजे चौदाव्या लेखात अशोकानंच सांगून ठेवलंय की हे लेख कुठे संक्षेपात, कुठे मध्यम, तर कुठे विस्तारानं आहेत आणि लिहिणाऱ्याच्या चुकीनं काही राहूनही गेलं असेल. सव्वादोन हजार वर्षांपूर्वीच्या या माणसाला नक्कल म्हणजे काय, हे पुरतं ठाऊक होतं.

आपल्या ख्रिस्ती शेजाऱ्यांना जवळचं असलेलं फादर स्टीफन्स यांचं 'ख्रिस्तपुराण' घ्या. १६१६ मध्ये ते रोमन लिपीत छापलं गेलं, त्याच शतकात आणखी दोनदा छापलं. आज त्या छपाईची एकही प्रत उपलब्ध नाही. ग्रंथ टिकला तो भाविकांनी हातानं उतरवून घेतलेल्या पोथ्यांमुळे. १९०७ साली मंगळूरला ते पुन्हा छापलं गेलं, ते या पोथ्यांच्या आधारानंच. म्हणजे नक्कल करणारा प्रत्येक जण चोर नसतो. कधी कधी तोच राखणदार ठरतो. हे मी मुद्दाम आधी लिहितो, कारण पुढे मी दुसरी बाजूही लिहिणार आहे.

एका रामायणाची सहा वेष्टनं

माझं बालपण पुणे जिल्ह्यातलं. १ एप्रिल १९५५ ला, रामनवमीच्या दिवशी, आकाशवाणीच्या पुणे केंद्रावर गीतरामायण सुरू झालं. शब्द गदिमांचे, संगीत सुधीर फडक्यांचं. वर्षभरात छप्पन्न गाणी झाली. मी तेव्हा चार वर्षांचा, मला काय आठवणार? पण वडील शेजाऱ्यांच्या रेडिओपाशी बसून गाणी वहीत उतरवून घेत, ती वही मी पाहिली आहे. आमच्या घरातलं हे पहिलं वेष्टन. पुढे पुस्तक निघालं. मग बाबूजींच्या आवाजातल्या एलपी रेकॉर्ड आल्या. त्या आम्ही फक्त श्रीमंतांच्या घरी पाहिल्या.

१९८६ मध्ये बँकेत पगाराचा फरक मिळाला. तेव्हा मी टेपरेकॉर्डर आणि गीतरामायणाच्या कॅसेटचा संच घेतला. कॅसेट हा शोध फिलिप्स कंपनीचा, १९६३ चा. आपल्याकडे घराघरात ती पोचली ऐंशीच्या दशकात. रेकॉर्ड काढायला कारखाना लागायचा, कॅसेट मात्र कोणालाही घरात भरता यायची. त्यामुळे एकीकडे लहान लहान कंपन्यांनी भजनं, लोकगीतं, पोवाडे, प्रवचनं गावोगाव पोचवली. दुसरीकडे बनावट कॅसेटचा सुळसुळाट झाला. गुलशन कुमार यांच्या टी-सीरीजनं तिसराच मार्ग काढला. कायद्यातल्या एका तरतुदीचा आधार घेऊन जुनी लोकप्रिय गाणी नव्या गायकांकडून गाऊन घेतली आणि ती स्वस्तात विकली. माल तोच, आवाज नवा.

सीडी आली, तीही मी घेतली. आणि मग २००४ साली संध्याकाळच्या गाडीनं उतरलो तर स्टेशनबाहेर फुटपाथवर एक एमपीथ्री दिसली. "संपूर्ण गीतरामायण, ५६ गाणी, सोबत अभंग व भावगीते." किंमत चाळीस रुपये! साध्या सीडीत फार तर ऐंशी मिनिटांचं संगीत मावतं. एमपीथ्रीत, कानाला सहसा जाणवत नाही असा आवाजाचा भाग गाळून टाकतात. एका मिनिटाला दहा एमबी लागायचे, तिथे एकात भागतं. त्यामुळे त्याच सातशे एमबीच्या चकतीवर अकरा-बारा तासांचं गाणं बसतं.

घरी आणली, रविवारी लावली. बँकेतल्या माणसाची सवय, कागद घेऊन खुणा करत बसलो. बॅलन्स काही टॅली होईना! गाणी भरली एकोणपन्नास, त्यातली तीन दोनदा. दोन गाणी शेवटच्या कडव्याआधीच तुटलेली. आणि वेष्टनावर गदिमांचं नावच नाही. कॅसेटबरोबर माहितीची घडीपुस्तिका आली होती; तीत कवी, संगीतकार, निर्मिती सगळं होतं. फुटपाथवरच्या पुडक्यात जागा वाचवायला सगळ्यात आधी काय गाळलं, तर माणसांची नावं.

हा मुद्दा किरकोळ नाही. नाव गेलं की हक्क जायला वेळ लागत नाही. आणि इथे फक्त फुटपाथवाल्याला दोष देऊन चालणार नाही. रेकॉर्ड, कॅसेट, सीडी, मोबाइलची रिंगटोन असं एकच गाणं दर वेळी नव्या वेष्टनात विकलं गेलं. पण चित्रपटगीत लिहिणाऱ्याला आणि चाल लावणाऱ्याला बहुधा एकदाच काय ते मानधन मिळायचं. २०१२ मध्ये कॉपीराइट कायद्यात दुरुस्ती झाली, तेव्हा कुठे पुढच्या वापराच्या स्वामित्वधनात त्यांचा वाटा पक्का झाला. राज्यसभेत त्यासाठी जावेद अख्तर यांनी आवाज उठवला होता. म्हणजे दिमाखदार खोक्यात कायदेशीरपणे विकलेला मालसुद्धा नेहमी न्यायाचा असतोच असं नाही.

किमतीचाही एक धडा आहे. २००७ मध्ये मोझर बेअर कंपनीनं चित्रपटांच्या अस्सल व्हीसीडी २८ रुपयांना आणि डीव्हीडी ३४ रुपयांना बाजारात आणल्या. फुटपाथच्या भावात खरा माल! लोकांनी घेतला. आपल्याच इमारतीत कितीतरी घरांत त्या चकत्या अजून असतील. लोक मुळात चोर नसतात, त्यांना परवडणारं दुकान सापडत नसतं, हे तेव्हा दिसलं. पुढे चकत्यांचाच जमाना संपला आणि २०१८ मध्ये ती कंपनीही दिवाळखोरीत निघाली.

फ्लॉपी, बँक आणि कायदा

मी १९७३ मध्ये बँकेत लागलो. तेव्हा जाडजूड लेजर, डे-बुक आणि महिनाअखेरचं बॅलन्सिंग. १९८४ मध्ये डॉ. सी. रंगराजन यांच्या समितीचा अहवाल आला आणि शाखांत हळूहळू लेजर पोस्टिंगची यंत्रं बसू लागली. संघटनांचा विरोध होता, आम्हीही घोषणा दिल्या. पण यंत्रं आली. प्रोग्रॅमच्या फ्लॉप्या तिजोरीत, रोखीच्या शेजारी ठेवायच्या, कोणी काढली कधी ठेवली याची नोंद रजिस्टरमध्ये करायची. तेव्हा ते मला हास्यास्पद वाटे. चार आण्यांची चकती, तिला एवढा मान कशाला?

योगायोग पाहा. त्याच १९८४ साली आपल्या कॉपीराइट कायद्यात संगणक प्रोग्रॅमचा समावेश झाला. प्रोग्रॅम हेही एक लेखन आहे, पुस्तकासारखं, असं कायद्यानं मानलं. हा वाद अमेरिकेत आधीच पेटला होता. १९७६ मध्ये विशीतल्या बिल गेट्स यांनी हौशी संगणकवाल्यांना उघडं पत्र लिहून विचारलं होतं की यंत्राचे पैसे देता, मग प्रोग्रॅमचे का देत नाही? आपल्याकडे १९९५ पासून आणखी कडक कलम लागू झालं. बनावट प्रोग्रॅम जाणूनबुजून वापरला तर कमीत कमी सात दिवस ते तीन वर्षं कैद आणि पन्नास हजार ते दोन लाख दंड. धंद्यासाठी वापर नसेल तर न्यायालय कैदेऐवजी नुसता दंडही करू शकतं. २००९ मध्ये तर महाराष्ट्रानं व्हिडिओ पायरसी करणाऱ्यांना झोपडपट्टीदादा आणि हातभट्टीवाल्यांच्या रांगेत बसवून स्थानबद्धतेच्या कायद्यात आणलं.

पण कायदा पुस्तकात आणि बाजार रस्त्यावर. मुंबईत ग्रँट रोडजवळचा लॅमिंग्टन रोड म्हणजे संगणकाची पंढरी. सुटे भाग, प्रामाणिक कारागीर, सगळं तिथे मिळे. आणि त्याच नावानं तो परिसर अमेरिकन सरकारच्या कुप्रसिद्ध बाजारांच्या यादीतही गेला. तिथून लोण उपनगरांत आलं. विंडोज एक्सपी, टायपिंगचा प्रोग्रॅम, हिशेबाचा प्रोग्रॅम, शंभर मराठी फॉन्ट आणि वर चार खेळ, सगळं एका चकतीवर. तिचं नाव 'ऑल इन वन'. नातवाच्या रिपॅकचे हे आजोबाच म्हणायचे.

आपल्या सोसायटीची गोष्ट

आता मूळ गोष्ट. आपली सोसायटी २००० साली नोंदली गेली. भागपत्रांवर जिल्हा ठाणे आहे, घरपट्टी तेव्हा ग्रामपंचायतीची. २००९ मध्ये महानगरपालिका झाली, २०१४ मध्ये पालघर जिल्हा झाला. इमारत तीच, वेष्टनं तीन!

२००३ मध्ये कार्यकारिणीनं ठरवलं की संगणक घ्यायचा. मी खजिनदार होतो. एका दुकानदारानं जुळवून दिलेला संगणक आणला. बिलात मॉनिटर, कीबोर्ड, प्रिंटर अशा सगळ्यांपुढे रकमा होत्या. 'सॉफ्टवेअर'पुढे लिहिलं होतं 'फ्री'. व्हाउचरवर एक सही राहिली तर परत पाठवणारा मी, इथे काही बोललो नाही. उलट सभेत सांगितलं की आपले बारा-पंधरा हजार वाचले. टाळ्या पडल्या. त्यातल्या पहिल्या टाळीचा धनी मीच.

त्या 'फ्री' मराठी फॉन्टमध्ये आठ वर्षं इतिवृत्तं, नोटिसा, पत्रं टाइप झाली. छापील पानं इतिवृत्ताच्या वहीत चिकटवायची पद्धत होती. पण दोनेक वर्षं ते काम राहून गेलं. संगणकात आहे ना, मग घाई काय!

२०११ च्या पावसाळ्यात हार्ड डिस्क गेली. बॅकअपची सीडी होती, म्हणून कोणी घाबरलं नाही. नवा संगणक आला, सीडी लावली, फाइली उघडल्या आणि पडद्यावर नुसती इंग्रजी अक्षरं, स्वल्पविराम, डॉलरची चिन्हं! मराठीचा एक शब्द नाही.

याचं कारण मला नंतर समजलं. त्या काळातले बहुतेक मराठी फॉन्ट म्हणजे एक प्रकारचा मुखवटा होता. संगणक आत इंग्रजी खुणाच साठवायचा. फॉन्ट त्या खुणांवर 'क', 'ख'चं चित्र काढायचा. प्रत्येक कंपनीची मांडणी वेगळी. फॉन्ट गेला की मुखवटा गेला. अस्सल फॉन्ट घेतला असता तर कंपनीकडे जाऊन पुन्हा मागता आला असता. पण आमच्या चकतीवर कोणीतरी फॉन्टचं मूळ नावच बदलून टाकलं होतं. चकतीला खाऱ्या हवेनं बुरशी धरलेली, दुकानदार दुकान बंद करून गेलेला. मागायचं कोणाकडे आणि काय नावानं?

नेमकी त्याच वर्षी लेखापरीक्षकांनी एक नोंद पकडली. आपल्या इथल्या एका वहिनींचे यजमान अकाली गेले होते. मेंटेनन्स थकला होता. २००९ च्या सर्वसाधारण सभेनं त्यांचं व्याज माफ करून मुद्दल हप्त्यानं घ्यायचा ठराव केला होता. माफीची नोंद लेजरमध्ये मीच केली होती. लेखापरीक्षक म्हणाले, ठरावाची प्रत दाखवा. वहीत ते पान नाही, संगणकात डॉलरची चिन्हं. नव्या कार्यकारिणीनं नियमाप्रमाणे व्याज पुन्हा लावलं आणि वहिनींना नोटीस गेली.

त्या माझ्याकडे आल्या. म्हणाल्या, "भाऊजी, तुम्ही होतात ना सभेत? मी खोटं बोलत्येय असं सगळ्यांना वाटतंय." मला ठराव शब्द न् शब्द आठवत होता. पण नुसत्या आठवणीवर रक्कम माफ होत नसते, हे मीच अडतीस वर्षं खातेदारांना काउंटरवर सांगत आलो होतो. काय तोंडानं बोलणार? तीन महिने त्या बाई जिन्यात कोणाच्या नजरेला नजर देत नव्हत्या. आणि त्याच्या मुळाशी बिलातला तो एक शब्द होता, 'फ्री'.

सोडवलं कोणी, तर तिसऱ्या मजल्यावरच्या सूनबाईंनी. त्या गिरगावात छापखान्यात डीटीपीचं काम करत. आपल्या जुन्या छापील नोटिशीतला 'ल' आणि 'श' पाहून त्या म्हणाल्या, "काका, हा वळणाचा 'श' मी रोज टाइप करते. फॉन्ट ओळखीचा आहे, फक्त नाव बदललंय." त्यांच्या छापखान्यात त्याची रीतसर विकत घेतलेली प्रत होती. मालकांच्या परवानगीनं तिथे फाइल उघडली. २००९ ची सभा, ठराव क्रमांक सात, सूचक आणि अनुमोदक यांच्या नावांसह! कार्यकारिणीनं नोटीस मागे घेतली, वहिनींच्या घरी जाऊन माफी मागितली. त्या वहिनी आज आपल्यात नाहीत. त्यांनी कोणावर राग धरला नाही. चहा दिला आणि म्हणाल्या, "कागद मिळाला ना, झालं."

मग नक्कल करायचीच नाही का?

असं मी म्हणणार नाही. नुसती नक्कल वाईट नसते. कोणाची, कोणाला विचारून, आणि मूळ नाव राखून की पुसून, हा खरा प्रश्न आहे. सॉफ्टवेअरच्या दुनियेत असेही लोक आहेत, जे म्हणतात की आमचा प्रोग्रॅम घ्या, उघडा, बदला, नव्यानं बांधा, वाटा. फक्त आमची अट आणि नाव सोबत राहू द्या. रिचर्ड स्टॉलमन यांनी १९८३ मध्ये ही चळवळ सुरू केली. नव्वदच्या दशकात आपल्याकडे संगणक-मासिकांबरोबर लिनक्सच्या चकत्या येत, त्या अशाच खुल्या परवानगीनं नव्यानं बांधलेल्या. २००५ पासून भारत सरकारनं सी-डॅकच्या मदतीनं तामिळ, हिंदी आणि पुढे मराठीसाठीही फॉन्ट व सॉफ्टवेअरच्या मोफत चकत्या वाटल्या. तेही रिपॅकच, पण दिवसाढवळ्या! आपल्याला तेव्हा ते ठाऊक असतं तर 'फ्री' या शब्दाची लाज वाटली नसती.

आज आपल्या कार्यालयात लिब्रेऑफिस आहे, तेही खरोखर मोफत. टायपिंग युनिकोडमध्ये होतं. त्यात 'क' हा जगातल्या कुठल्याही संगणकावर 'क'च राहतो. फॉन्ट बदलला तर फक्त वळण बदलतं, मजकूर पळून जात नाही. हिशेबाचा प्रोग्रॅम विकत घेतलेला आहे आणि त्याची पावती फाइलला आहे. जुनी सगळी इतिवृत्तं सूनबाईंनी युनिकोडमध्ये आणून दिली, एक पैसा न घेता. त्यांचं नाव लिहू नका असं त्यांनी बजावलंय, म्हणून लिहीत नाही. नाहीतर नावं गाळू नका असं वर सांगून इथे मीच गाळतोय, असं व्हायचं!

रौप्यमहोत्सवानिमित्त सभासदांना दोन विनंत्या. कपाटात जुन्या कॅसेट, व्हीसीडी, लग्नाच्या-मुंजीच्या टेप असतील तर त्या बाहेर काढा. आपल्याकडची दमट हवा वाट पाहत नाही. भूमिपूजनाची एक व्हिडिओ कॅसेट होती, तिचं व्हीसीडी करून घेतलं आणि मूळ कॅसेटवर नंतर कोणीतरी क्रिकेटची मॅच भरली. व्हीसीडीचाही आता अर्धाच भाग लागतो. पहिल्या कुदळीपर्यंत येतं आणि अडकतं. ज्येष्ठांपैकी चौघांचे चेहरे आणि आवाज त्या उरलेल्या अर्ध्यात होते. कोणाकडे दुसरी प्रत असेल तर कार्यालयात द्या.

दुसरी विनंती, नक्कल कराल तेव्हा वेष्टनावर लिहा. काय आहे, कोणाचं आहे, कोणी कधी भरलं. अशोकानं दगडावर चुकीची कबुली देऊन ठेवली, आपल्याला निदान चिठ्ठी तरी चिकटवता येईल.

नातवाला मी रागावलो नाही. ही सगळी गोष्ट सांगितली. त्यानं तो गेम काढला की नाही, मला माहीत नाही. पण जाताना विचारलं, "आजोबा, त्या आजींचं व्याज किती होतं?" मी म्हटलं, "अकराशे चाळीस रुपये." तो थोडा वेळ गप्प बसला. मग म्हणाला, "एवढंच?"

एवढंच.